गावी परत जाऊ का असं विचारलंस म्हणून

प्रिय मित्रा,

तुझा मेसेज रात्री वाचला, झोपच लागेना. चेहरा चालणार नाही, हिंदी गावठी येते, असं ऑडिशनला तोंडावर ऐकून आलास आणि आता वडशाला परत जाऊ का म्हणतोस. नको रे, थांब जरा.

डॅनी डेन्झोंग्पा घे. सिक्कीमच्या युकसोमचा मुलगा, आपल्या पुण्यातल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकला, खरं नाव लोकांना उच्चारता येईना म्हणून बरोबरच्या जया भादुरीने डॅनी हे नाव सुचवलं. १९७१ ला आला तेव्हा त्या चेहऱ्यासाठी हिंदीत कोण रोल लिहीत होतं? मग १९७३ च्या 'धुंद'मध्ये त्याने व्हीलचेअरवरचा संतापी नवरा केला. तो एकदा आवाज बंद करून बघ, नंतर डोळे मिटून नुसता ऐक. पाय हलत नाहीत, त्यामुळे सगळं काम मान, हात आणि आवाजावर आलंय, आणि हा माणूस कुठल्या गावचा असा प्रश्नच आपल्याला पडत नाही.

लोक सांगतात त्याचा 'शोले'तला गब्बर हुकला. मला ते हुकणं वाटतच नाही. फिरोज खानला 'धर्मात्मा'साठी तारखा दिल्या होत्या, शूटिंग अफगाणिस्तानात, त्याने शब्द पाळला. कॅरेक्टर आर्टिस्टला लोक परत बोलावतात ते या भरवशावर, हे मी इतकी वर्षं डबिंगच्या काचेमागून बघतोय.

आणि हिंदीत एवढं नाव झाल्यावरही १९८७ ला त्याने 'साइनो' हा नेपाळी सिनेमा केला, नेपाळी गाणीही गायला. तू मात्र ऑडिशनला तुमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टी नाटकांचं नावसुद्धा काढत नाहीस! रात्र रात्र नाटक केलंयस, हजारो माणसांपुढे, ते का लपवतोस?

हिंदीचं म्हणशील तर तुझे दोष थोडे आहेत आणि सगळे सुटणारे आहेत. 'चाहिए'मधला च तू 'चाक'सारखा काढतोस, तो 'चहा'मधला हवा. 'है'चं 'हय' होतं. रोज अर्धा तास मोठ्याने वाच, कुजबुजत नको, रूमवरच्या पोरांना त्रास होत असेल तर गच्चीवर जा.

रविवारपर्यंत मी दिलेला सीन दोनदा रेकॉर्ड करून पाठव, एकदा हिंदीत आणि एकदा तुमच्या झाडीबोलीत. हेडफोन लावून ऐकतो आणि जिथे जिथे अडखळलास तिथे खुणा करून परत पाठवतो.