वडील ज्या वयात गेले त्या वयाला पोचताना

बरेच जण विचारतात, कधी मेसेजमध्ये तर कधी सेशन संपवून दारापाशी गेल्यावर परत वळून, की आई किंवा वडील ज्या वयात गेले ते वय माझं आता जवळ आलंय आणि आतून सारखं वाटतं की मी त्याच्या पुढे काही जाणार नाही, हे वेड आहे का. वेड नाहीये. खूप जणांना असं होतं, बोलत कुणी नाही एवढंच. एका गृहस्थांची गोष्ट सांगते, त्यांना विचारून आणि ओळख पटेल असे तपशील बदलून.

ते आले तेव्हा ४६ वर्षांचे होते आणि हातात एक जाडजूड फाइल होती. मला वाटलं मेडिकल रिपोर्ट असतील, आणि ते होतेच, ईसीजी, टू डी इको, स्ट्रेस टेस्ट, सगळं नॉर्मल. चार महिन्यांत तीन वेळा मध्यरात्री इमर्जन्सीत जाऊन आले होते, धडधड, घाम, हाताला मुंग्या, आणि दर वेळी हार्ट ठीक आहे म्हणून घरी पाठवलेलं. पण फाइलचा मागचा अर्धा भाग वेगळाच होता. इन्शुरन्सच्या पॉलिसी, बँक खात्यांची यादी, पासवर्ड, गाडीचं सर्व्हिसिंग कधी करायचं, पाण्याचा मेन कॉक कुठे आहे, आणि सगळ्यात शेवटी मुलासाठी एक पान, वर हेडिंग 'मी नसताना'.

"बाबा ४७ वर्षं ३ महिने ११ दिवस जगले. मी मोजलंय मॅडम. माझी ती तारीख सात महिन्यांवर आलीये."

इथे एक गोष्ट आधी सांगते कारण वाचणाऱ्यांपैकी कुणाला तरी उपयोगी पडेल. वडिलांना ५५ च्या आत हार्टचा त्रास झाला असेल तर डॉक्टर ती फॅमिली हिस्टरी खरोखरच धोक्याची म्हणून धरतात, त्यामुळे तपासण्या करून घेणं बरोबरच होतं, आणि छातीत दुखलं तर पॅनिक असेल असं आपल्याआपण ठरवून घरी बसू नये. यांच्या तपासण्या झाल्या होत्या, म्हणून मी पुढचं काम सुरू केलं. पॅनिक अटॅक साधारण दहा मिनिटांच्या आत टोकाला जातो आणि मग ओसरायला लागतो, हे कळल्यावर आणि श्वास सोडताना तो लांबवायची सवय केल्यावर त्यांच्या रात्री बऱ्याच सुधारल्या. मोजणं मात्र थांबलं नाही. "काही होणार नाही हो तुम्हाला" असं मी म्हणाले नाही. घरचे रोज म्हणत होते आणि त्यांना ते खोटं वाटत होतं, कारण १५ व्या वर्षी त्यांनी बघितलं होतं की होतं.

वडील गेले त्या दिवशी कुणीतरी खांद्यावर हात ठेवून म्हणालं, आता तूच घरातला मोठा, आईसमोर रडू नकोस. ते रडले नाहीत. अभ्यास, नोकरी, बहिणीचं शिक्षण, सगळं नीट केलं. स्ट्रोब आणि शूट या दोन संशोधकांनी १९९९ मध्ये दुःखाबद्दल एक मांडणी केली, मला ती रोजच्या कामात सगळ्यात जवळची वाटते. माणूस गेल्यावर आपण दोन बाजूंमध्ये येजा करत असतो, कधी गेलेल्या माणसाकडे, आठवण, रडणं, कधी पुढच्या आयुष्याकडे, कामं, नव्या जबाबदाऱ्या, आणि ही येजाच माणसाला सावरते. यांना एकाच बाजूला उभं केलं गेलं आणि ते ३१ वर्षं तिथेच उभे होते.

मी मुलाबद्दल विचारलं. मुलगा १४ चा. म्हणाले, "मी मुद्दामच थोडा लांब राहतो. फार लळा लागला की नंतर जड जातं, मला माहितीये ना." हे इतकं सहज बोलले की मला दोन मिनिटं काही सुचलंच नाही. मुलाला बाप गमवावा लागू नये म्हणून हा माणूस त्याला जिवंतपणीच बापाविना ठेवत होता, आणि हे सगळं प्रेमापोटीच.

पुढच्या वेळी रिपोर्ट नको, वडिलांची एखादी वस्तू आणा म्हटलं. त्यांच्याकडे काहीच नव्हतं, म्हणून आईला फोन केला, आणि कित्येक वर्षांत पहिल्यांदा दोघं बाबांबद्दल बोलले. आई म्हणाली, मला वाटायचं तुला तो विषयच नको असतो. याला वाटायचं आईला नको असतो.

आईने हिशेबाची वही पाठवली. बाबा रोजचा खर्च लिहायचे, फी, विजेचं बिल, सायकलचं पंक्चर. शेवटचं पान ते गेले त्याच्या आदल्या रात्रीचं. त्यावर पुढच्या महिन्याची यादी आणि त्यात यांच्या नावापुढे, "बूट. अंगठा लागतोय म्हणतो. एक नंबर मोठा घेणे."

ते बूट कधी आले नाहीत. जुन्याच बुटात त्यांनी वर्ष काढलं, अंगठा लागतो हे परत कुणाला सांगितलं नाही. वही मांडीवर ठेवून बराच वेळ बसले. मग म्हणाले, त्यांनी काहीच तयारी केली नव्हती म्हणून मी आयुष्यभर त्यांच्यावर चिडलेलो होतो, एक कागद जागेवर नव्हता, आईला किती पळावं लागलं. आणि हे माझ्या अंगठ्याचा विचार करत झोपले.

फाइल टाकून द्या असं मी सांगितलं नाही. कागदपत्रं नीट असणं चांगलंच, मी स्वतःचीही ठेवते. एवढंच म्हटलं की त्या फाइलमध्ये मुलाच्या पायाचा नंबर कुठेय.

त्यांना तो माहीत नव्हता.

त्या आठवड्यात ते मुलाच्या खोलीत जाऊन बसले, काय बोलायचं ते ठरवलेलं नव्हतं, आणि तोच म्हणाला, "बाबा, तुला नक्की काय झालंय? मी फाइल बघितलीये." दोन महिन्यांपूर्वी त्याच्या हाताला लागली होती, 'मी नसताना' वाचून त्याला वाटलं बाबाला मोठा आजार आहे आणि सगळे आपल्यापासून लपवतायत. दोन महिने तो पोरगा एकटाच हे घेऊन शाळेत जात होता. बापाने १५ व्या वर्षी जे एकट्याने सोसलं ते याने १४ व्या वर्षी सोसलं, कुणी न मरता.

मुलांना काय सांगावं हे पालक नेहमी विचारतात. त्यांनी जे सांगितलं ते मला फार आवडलं. आजार नाहीये, सगळं तपासलंय, भीती वाटते कारण माझे बाबा लवकर गेले. मुलाने विचारलं, पण तू मरणार नाहीस ना? ते म्हणाले, कधीतरी मरणार, सगळेच मरतात, कधी ते मला माहीत नाही, आत्ता मी इथे आहे. मुलगा रडला आणि मग म्हणाला, आजोबा कसे होते ते कधी सांगितलंच नाहीस. त्या रात्री वही दोघांनी मिळून वाचली.

भीती गेली नाही. ती तारीख जवळ आली तशी पुन्हा वाढली, एकदा रात्री दीडला मेसेजही आला. त्या दिवशी त्यांनी सुट्टी घेतली, आईकडे गेले, मुलाला बरोबर नेलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्याकडे आले. फाइल नव्हती हातात.

"आज मी बाबांपेक्षा एक दिवसाने मोठा झालो," म्हणाले, आणि हसले. मग एकदम गप्प झाले. "मला कायम वाटायचं ते खूप मोठे होते. सत्तेचाळीस म्हणजे काय वय असतं हो मॅडम? लहान होते की ते. किती लहान होते."

आणि मग ते रडले, त्या दिवशी पहिल्यांदा, स्वतःसाठी नाही, बाबांसाठी. मी टिश्यूचा बॉक्स जवळ सरकवला आणि पुढची अपॉइंटमेंट अर्धा तास पुढे ढकलली.