डिझी डीनचं ‘स्लड’ मराठीत कसं आणावं?

प्रश्न असा आहे: अमेरिकेतला बेसबॉलचा समालोचक डिझी डीन ‘ही स्लड इन्टू थर्ड’ म्हणायचा, म्हणजे धावणारा घसरत तिसऱ्या बेसवर (धावताना गाठायच्या चार ठिकाणांपैकी तिसऱ्यावर) पोचला. त्याचं मराठी ‘तो तिसऱ्या बेसवर घसरला’ असं चालेल का, आणि ‘स्लड हे अशुद्ध रूप’ अशी तळटीप द्यावी का?

नुसतं ‘घसरला’ नको. मराठीत पाय घसरतो, भाव घसरतात, जीभही घसरते, आणि दर वेळी ताबा सुटलेला असतो. बेसबॉलमध्ये मात्र धावणारा मुद्दाम अंग झोकून देतो, बहुधा पाय पुढे करून. त्यामुळे वेगात बेस ओलांडून पुढे जाणं टळतं आणि फील्डरला त्याला टॅग करणं, म्हणजे चेंडू लावून बाद करणं, अवघड होतं. ‘घसरत तिसरा बेस गाठला’ असं लिहिलं की हेतू कळतो. खो-खोतला ‘सूर’ जवळचा वाटेल, पण त्यात हात आणि डोकं पुढे असतं.

आता ‘स्लड’. ‘स्लाइड’चं प्रमाण भूतकाळी रूप ‘स्लिड’. डीननं ते ‘डिग–डग’, ‘स्टिक–स्टक’, ‘स्विंग–स्वंग’ यांच्या पंगतीत नेऊन बसवलं. यातलं ‘स्वंग’ तर बेसबॉलच्या समालोचनात सतत कानावर पडणारं. म्हणजे रूप मनमानी नाही, त्यामागे साम्याचा नियम आहे. तोच डीन ‘थ्रो’च्या ‘थ्रू’ या भूतकाळी रूपाऐवजी ‘थ्रोड’ म्हणायचा, तेव्हा उलटं घडायचं: अनियमित क्रियापद सरळ नियमात यायचं. आपल्याकडे ‘बघितलं’चं ‘बघलं’ किंवा ‘म्हटलं’चं ‘म्हणलं’ होतं ते या दुसऱ्या प्रकारचं. त्यामुळे ‘थ्रोड’ला मराठी जोड मिळते, ‘स्लड’ला सहज मिळत नाही.

तळटीपेत ‘अशुद्ध’ हा शब्द मात्र मला अजिबात पटत नाही. डीन अमेरिकेच्या अर्कान्सा राज्यातल्या कापूस वेचणाऱ्या गरीब घरातला. शाळा फारशी नशिबी आली नाही. १९३४ मध्ये सेंट लुई कार्डिनल्स या संघाकडून पिचर (चेंडू टाकणारा) म्हणून त्यानं ३० विजय मिळवले. पुढे तो रेडिओवर सामने सांगू लागला, आणि १९४६ मध्ये मिझुरीतल्या इंग्रजीच्या शिक्षकांनी त्याच्या भाषेबद्दल तक्रार केली. त्यानं बोलणं बदललं नाही. १९५३ पासून एबीसी आणि १९५५ पासून सीबीएस या टीव्ही वाहिन्यांवर तो दर आठवड्याचा सामना सांगायचा. हे प्रक्षेपण मोठ्या लीगचे संघ असलेल्या शहरांत दाखवत नसत. पाहणारे होते लहान गावांतले, खेड्यांतले लोक, आणि त्यांतल्या कित्येकांच्या घरात असंच बोललं जायचं. त्याच्या लोकप्रियतेचं मोठं कारण मला इथे दिसतं.

म्हणून टीप द्यायचीच तर ‘ग्रामीण बोलीतलं रूप’ एवढीच द्या. त्याच्या तोंडी वऱ्हाडी किंवा कोल्हापुरी घालू नका. त्या बोलींना स्वतःचा मुलूख आहे. पहिल्यांदा ‘घसरत थर्ड गाठला, डीनच्या शब्दांत स्लड’ असं लिहा आणि पुढे सरळ ‘स्लड’च ठेवा.