जॉन सेंटामू : न्यायालयातून धर्मपीठाकडे

विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे : युगांडातील एक तरुण वकील पुढे इंग्लंडमध्ये यॉर्कचा आर्चबिशप झाला, ते जॉन सेंटामू नेमके कोण, आणि भरभराटीची वकिली सोडून धर्मकार्यात शिरताना त्यांनी कायद्याचे शिक्षण वाया घालवले असे म्हणावे काय? ‘भरभराटीची वकिली सोडून’ हा शब्दप्रयोग मराठी चरित्रांमध्ये इतक्या वेळा येतो की तो आपल्या तोंडी सहज बसतो. सेंटामूंच्या बाबतीत मात्र तो दोन्ही अंगांनी चुकीचा ठरतो. त्यांची वकिली भरभराटीला येण्यापूर्वीच एका हुकूमशाही राजवटीने ती मोडून टाकली, आणि कायद्याच्या अंगाने विचार करण्याची सवय त्यांनी पुढे कधीही सोडली नाही. मी स्वतः जिल्हा न्यायालयात अनेक वर्षे काम केले आहे. त्यामुळे या माणसाच्या आयुष्यात वकील कोठे दिसतो आणि तो कोठे कमी पडतो, याकडे माझे लक्ष जरा अधिक जाते. उत्तरही त्याच अंगाने देतो.

सेंटामूंचा जन्म 10 जून 1949 रोजी कंपालाजवळच्या एका खेड्यात झाला. तेरा भावंडांत ते सहावे. जन्मतः ते इतके अशक्त होते की मूल जगेल अशी आशा नव्हती आणि म्हणून त्यांचा बाप्तिस्मा तातडीने उरकण्यात आला. कंपालाच्या मॅकेरेरे विद्यापीठातून त्यांनी 1971 मध्ये कायद्याची पदवी घेतली, त्यानंतर वकिलीचे व्यावसायिक प्रशिक्षण पूर्ण केले, ते युगांडाच्या उच्च न्यायालयात वकील म्हणून रुजू झाले आणि पंचविशीच्या आसपास अल्पकाळ न्यायासनावरही बसले. ही वर्षे लक्षात घ्यावीत. जानेवारी 1971 मध्ये इदी अमीनने लष्करी उठाव करून सत्ता बळकावली होती. 1972 मध्ये त्याने युगांडातील आशियाई लोकांना 90 दिवसांत देश सोडण्याचा हुकूम दिला आणि हजारो भारतीय वंशाची कुटुंबे रातोरात निराधार झाली, हे आपल्याकडे पुष्कळांना आठवते. पण त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये देशाचे सरन्यायाधीश बेनेडिक्टो किवानुका यांना खुद्द उच्च न्यायालयातून उचलून नेण्यात आले आणि ते पुन्हा जिवंत परतले नाहीत, ही गोष्ट फारशी कोणी सांगत नाही. ज्या देशात सरन्यायाधीश आपल्या कचेरीत सुरक्षित नाही, त्या देशात पंचविशीतला तरुण न्यायदान करू पाहत होता.

मार्गारेट यांच्याशी विवाह होऊन तीन आठवडे झाले नव्हते तोच राजवटीचा रोष त्यांच्यावर ओढवला आणि त्यांना 90 दिवस कोठडीत ठेवण्यात आले. तेथे आपल्याला फुटबॉलसारखे लाथाडले गेले, असे त्यांनी पुढे एका भाषणात सांगितले आहे. 1974 मध्ये हे दांपत्य इंग्लंडला निघून गेले. वकिली सुटली ती अशी. त्यात ‘सोडण्याचा’ भाग नव्हता.

केंब्रिजच्या सेल्विन कॉलेजमध्ये त्यांनी धर्मशास्त्राचा अभ्यास सुरू केला. युगांडाचे अँग्लिकन आर्चबिशप जनानी लुवुम हे त्यांचे स्नेही होते. अमीनच्या सैनिकांकडून होणाऱ्या हत्यांविरुद्ध लुवुम यांनी उघड निषेध नोंदवला, आणि फेब्रुवारी 1977 मध्ये त्यांना दोन मंत्र्यांसह अटक करून ठार मारण्यात आले. सरकारने मात्र मोटारीचा अपघात झाल्याचे जाहीर केले. माझ्या मित्राला तुम्ही मारलेत, तर त्याची जागा मी घेईन, असा निश्चय आपण त्या वेळी केला, असे सेंटामू सांगत आले आहेत. 1979 मध्ये त्यांना धर्मगुरूची दीक्षा मिळाली. आरोपी मारला जातो, खटला चालतच नाही आणि सरकार मृत्यूचे खोटे कारण छापते, हे ज्याने पाहिले त्या वकिलाला न्यायाची मागणी करण्यासाठी दुसरे पीठ शोधावे लागले, असे मला या निर्णयाकडे पाहताना वाटते.

येथे अँग्लिकन चर्चविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे. मुंबईत बिशपची गादी 1837 मध्ये स्थापन झाली आणि 1970 मध्ये येथील अँग्लिकन मंडळ्या इतर काही पंथांसह चर्च ऑफ नॉर्थ इंडियात विलीन झाल्या. त्यामुळे फोर्टमधील सेंट थॉमस कॅथीड्रल आज आपण त्या चर्चचे म्हणून ओळखतो. इंग्लंडमध्ये मात्र हे चर्च अधिकृत राजमान्य चर्च आहे. त्याच्या महासभेने संमत केलेले नियम संसदेच्या मान्यतेने देशाचे कायदे होतात, प्रत्येक धर्मप्रांताला स्वतःचे न्यायालय असते आणि तेथे कायदेतज्ज्ञ न्यायासनावर बसतो. कँटरबरी आणि यॉर्क येथील दोन्ही आर्चबिशप पदसिद्ध म्हणून लॉर्ड्स सभागृहात बसतात. अशा संस्थेत कायदा जाणणारा बिशप उपरा ठरत नाही. उलट त्याचे जुने शिक्षण त्याला दररोज उपयोगी पडते.

सुरुवातीच्या नेमणुकांपैकी एक लॅचमियर हाउस येथील कच्च्या कैद्यांच्या कोठडीत चॅप्लेन, म्हणजे तेथील धर्मगुरू, म्हणून होती. स्वतः कोठडी भोगलेल्या माणसाने धर्मकार्याची पहिली वर्षे बंदिवानांमध्ये घालवावीत, हे मला फार बोलके वाटते. त्यानंतर 1983 ते 1996 अशी तेरा वर्षे ते दक्षिण लंडनमधील टल्स हिल येथे व्हिकर, म्हणजे स्थानिक चर्चचे प्रमुख धर्मगुरू, होते. शेजारच्या ब्रिक्स्टनमध्ये 1981 साली मोठी दंगल उसळून गेली होती आणि कृष्णवर्णीय तरुणांना रस्त्यात अडवून झडती घेण्याच्या पोलिसांच्या पद्धतीविषयी त्या भागात तीव्र संताप होता. सेंटामूंनाही लंडनमध्ये अशा प्रकारे आठ वेळा अडवण्यात आले, आणि ते बिशप झाल्यावरही हा प्रकार थांबला नाही. 1996 मध्ये त्यांना पूर्व लंडनमधील स्टेपनीचे बिशप नेमण्यात आले.

त्यांच्या आयुष्यातील सर्वांत महत्त्वाचे काम त्यानंतर लगेच सुरू झाले असे माझे मत आहे, म्हणून त्याविषयी सविस्तर लिहितो. 22 एप्रिल 1993 रोजी आग्नेय लंडनमधील एल्टम येथे बसथांब्यावर उभ्या असलेल्या स्टीफन लॉरेन्स या 18 वर्षांच्या कृष्णवर्णीय तरुणाला गोऱ्या तरुणांच्या टोळक्याने भोसकून ठार केले. संशयितांची नावे काही दिवसांतच पोलिसांपर्यंत पोहोचली होती, तरी अटक करण्यास विलंब झाला, पुरावे हातचे गेले आणि सरकारी खटला उभा राहिला नाही. आईवडिलांनी मग स्वतः खासगी खटला भरला. तो 1996 मध्ये कोसळला आणि आरोपी निर्दोष सुटले. एकदा निर्दोष सुटलेल्या आरोपीवर त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला चालवता येत नाही, हा इंग्लंडमधील शेकडो वर्षांचा दंडक असल्यामुळे त्या आरोपींच्या बाबतीत न्यायाचा दरवाजा कायमचा बंद झाला असे वाटत होते.

1997 मध्ये गृहमंत्री जॅक स्ट्रॉ यांनी निवृत्त न्यायाधीश सर विल्यम मॅकफर्सन यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी नेमली आणि त्यांच्या तीन सल्लागारांपैकी एक सेंटामू होते. फेब्रुवारी 1999 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अहवालाने लंडनच्या पोलिस दलाला संस्थात्मक वंशभेदाचा दोष दिला. ही संकल्पना नीट समजून घ्यायला हवी. एखादा शिपाई किंवा अधिकारी मनाने द्वेष्टा आहे असा तो आरोप नव्हता; एखादी संस्था आपल्या कार्यपद्धतींतून, गृहीतकांतून आणि बेफिकिरीतून लोकांना त्यांच्या वर्णामुळे योग्य सेवा देण्यात सामूहिकरीत्या अपयशी ठरते, असा तो निष्कर्ष होता. अहवालात 70 शिफारशी होत्या. त्यानंतर 2000 मध्ये वंशसंबंध कायद्यात दुरुस्ती होऊन पोलिसांसह सार्वजनिक संस्था त्याच्या कक्षेत आल्या. दुबार खटल्याच्या दंडकाचा फेरविचार व्हावा, अशीही एक शिफारस होती. 2003 च्या फौजदारी न्याय कायद्याने गंभीर गुन्ह्यांत नवा आणि सबळ पुरावा मिळाल्यास तो दंडक शिथिल केला, आणि 1996 मध्ये निर्दोष सुटलेल्यांपैकी एक आरोपी जानेवारी 2012 मध्ये, खुनानंतर जवळजवळ 19 वर्षांनी, दुसऱ्या एका आरोपीसह दोषी ठरला. आरोपीला संरक्षण देणारा नियम सैल करताना कोणत्याही वकिलाचा हात थरथरावा, आणि माझ्या मनात त्याविषयी आजही थोडी अस्वस्थता आहे. परंतु हे दार किती अरुंद ठेवले आहे हे पाहिले की ती बदलाची रीत मला जबाबदार वाटते. चौकशीच्या कामाचे श्रेय अर्थातच एकट्या सेंटामूंचे नाही, सर्वाधिक श्रेय तर लॉरेन्स दांपत्याच्या चिकाटीचे आहे. तरीही साक्षींतून तथ्य वेगळे काढणे, आणि व्यक्तीचा दोष व संस्थेचा दोष यांत फरक करणे, ही कामे ज्या टेबलावर चालली होती तेथे एक माणूस असा होता की ज्याने न्यायासन, कोठडी आणि रस्त्यावरची झडती या तिन्ही जागा स्वतः पाहिल्या होत्या. पुढे पेकम येथे मारल्या गेलेल्या डॅमिलोला टेलर या दहा वर्षांच्या मुलाच्या खटल्यातील अपयशाचा आढावा घेणाऱ्या समितीचे अध्यक्षपदही त्यांच्याकडेच आले.

2002 मध्ये ते बर्मिंगहॅमचे बिशप झाले आणि 30 नोव्हेंबर 2005 रोजी यॉर्क मिन्स्टरमध्ये 97 वे आर्चबिशप म्हणून पदारूढ झाले. इंग्लंडच्या चर्चमध्ये या पदावर पोहोचलेले ते पहिले कृष्णवर्णीय. सर्वसामान्य लोकांना ते आठवतात ते या काळातील कृतींमुळे. 2006 च्या उन्हाळ्यात मध्यपूर्वेतील शांततेसाठी त्यांनी मिन्स्टरमध्येच तंबू ठोकून आठवडाभर उपवास केला. डिसेंबर 2007 मध्ये दूरचित्रवाणीवरील मुलाखतीत त्यांनी गळ्यातील धर्मगुरूची पांढरी कॉलर कात्रीने कापून तिचे तुकडे केले आणि झिम्बाब्वेचे अध्यक्ष रॉबर्ट मुगाबे सत्तेवर असेपर्यंत ती पुन्हा घालणार नाही असे सांगितले. झिम्बाब्वेतील लोकांची ओळख अशीच तुकडे करून टाकली आहे, असा त्याचा अर्थ. ती शपथ त्यांनी दहा वर्षे पाळली आणि मुगाबे पायउतार झाल्यावर नोव्हेंबर 2017 मध्ये त्याच कार्यक्रमात नवी कॉलर घातली. ती नवी होती, जुने तुकडे जोडून केलेली नव्हती, आणि झिम्बाब्वेलाही नुसती जोडाजोड पुरणार नाही हे त्यांनी त्यातूनच सुचवले.

मला मात्र याहून एक लहान प्रसंग अधिक महत्त्वाचा वाटतो. 26 जानेवारी 2015 रोजी लिबी लेन यांना इंग्लंडच्या चर्चमधील पहिली महिला बिशप म्हणून दीक्षा देण्याचा विधी यॉर्क मिन्स्टरमध्ये चालू होता. उपस्थितांची संमती विचारली जाताच एका धर्मगुरूने मोठ्याने हरकत घेतली. सेंटामूंनी आधीच तयार ठेवलेले निवेदन काढून वाचून दाखवले, या दीक्षेस कायद्याने कोणताही अडथळा नाही असे स्पष्ट केले, आणि प्रश्न पुन्हा विचारला. हरकत येणार हे ओळखून उत्तर खिशात ठेवणे ही अस्सल वकिली तयारी. त्यानंतर आठवडाभरातच, स्त्रियांच्या दीक्षेला विरोध असणाऱ्या फिलिप नॉर्थ यांची बिशपपदी दीक्षा झाली, तेव्हा त्या पंथाच्या भावना लक्षात घेऊन सेंटामूंनी स्वतः हस्तारोपण, म्हणजे दीक्षा देताना डोक्यावर हात ठेवण्याचा विधी, केले नाही. पुष्कळांना ही माघार खटकली, आणि त्यांचा राग मला समजतो. परंतु दोन्ही बाजूंना दिलेले वचन जसेच्या तसे पाळणे हेही त्यात होतेच. समलिंगी विवाहाच्या प्रश्नावर 2012 मध्ये त्यांनी घेतलेली भूमिका मात्र मला पटलेली नाही. विवाहाची व्याख्या ठरवणे हे राज्यसंस्थेचे काम नव्हे, असे सांगताना त्यांनी हुकूमशहांचा दाखला दिला. निवडून आलेल्या संसदेने चर्चा करून केलेला कायदा आणि अमीनचा हुकूम यांतील अंतर त्यांच्याइतके कोणाला ठाऊक असणार?

जून 2020 मध्ये ते निवृत्त झाले आणि 2021 मध्ये त्यांना आजीव उमरावपद मिळाले. यानंतरचा भाग लिहिणे मला सोपे नाही, पण तो वगळला तर उत्तर अपुरे राहील. एका धर्मगुरूने 1980 च्या दशकात एका अल्पवयीन मुलावर केलेल्या अत्याचाराच्या प्रकरणाचा स्वतंत्र आढावा मे 2023 मध्ये प्रसिद्ध झाला. पीडित व्यक्तीने 2013 मध्ये आपल्या तक्रारीच्या पत्राची प्रत आर्चबिशप म्हणून सेंटामूंकडेही पाठवली होती. त्यांनी पत्र वाचल्याचे कळवले, प्रार्थना आणि शुभेच्छा दिल्या, आणि पुढे काही केले नाही. आढाव्याने त्यांना दोष दिला. सेंटामूंनी तो नाकारला : तक्रार ज्या धर्मप्रांतातील बिशपकडे गेली होती त्यांचीच कारवाईची जबाबदारी होती, आर्चबिशपला दुसऱ्याच्या धर्मप्रांतात तो अधिकार नसतो, आणि पीडितांचे संरक्षण महत्त्वाचे असले तरी ते चर्चच्या कायद्यावर मात करू शकत नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता. न्यूकॅसलच्या बिशप हेलन-अ‍ॅन हार्टली यांनी त्यानंतर त्यांना आपल्या धर्मप्रांतातील सेवेतून बाजूला होण्यास सांगितले.

अधिकारक्षेत्राचा मुद्दा वकिलाला पटकन दिसतो, आणि कागदावर त्यात तथ्यही असू शकेल. पण दुसऱ्या बिशपला दूरध्वनी करून ‘या पत्राचे काय झाले?’ असे विचारायला कोणत्याही अधिकारक्षेत्राची गरज नसते, आणि संरक्षणाच्या कामासाठी नेमलेल्या तज्ज्ञांना पत्र दाखवायलाही कायद्याने मज्जाव केलेला नव्हता. लॉरेन्स चौकशीच्या अहवालात ज्यांनी आपली सही केली होती, त्यांच्यासमोर 2013 मध्ये नेमका तोच प्रश्न वेगळ्या पोशाखात आला होता : प्रत्येक जण आपल्या चौकटीत बसून राहिला आणि ज्याच्यावर अन्याय झाला तो मधल्या जागेत पडून राहिला. तेव्हा शिक्षण वाया गेले काय, या प्रश्नाला माझे उत्तर नाही असे आहे. 1999 मध्ये त्याचा सर्वोत्तम उपयोग झाला, आणि त्या एका पत्राच्या बाबतीत, मला खेदाने म्हणावे लागते, ते ढालीसारखे वापरले गेले.