कॅलिफोर्नियात घर सोडल्यावर अपार्टमेंटची व्यवस्थापन कंपनी डिपॉझिट परत देत नसेल, तर वकिलाशिवाय दावा करता येतो का?
होय, स्मॉल क्लेम्स (लहान रकमेच्या दाव्यांच्या) न्यायालयात तुम्ही स्वतःच १२,५०० डॉलरपर्यंतचा दावा दाखल करू शकता, आणि तिथल्या सुनावणीत कंपनीलाही सहसा वकील उभा करता येत नाही. राज्याच्या दिवाणी संहितेतील कलम १९५०.५ नुसार घर रिकामे केल्यापासून २१ दिवसांच्या आत डिपॉझिट, किंवा कपातीचा तपशीलवार हिशेब आणि उरलेली रक्कम, भाडेकरूला मिळायला हवी. रोजच्या वापराने होणाऱ्या झिजेचे पैसे डिपॉझिटमधून कापता येत नाहीत. पैसे दुष्ट हेतूने अडवल्याचे न्यायालयाला पटल्यास डिपॉझिटच्या दुपटीपर्यंत अतिरिक्त भरपाई मिळू शकते, मात्र ती आपोआप मिळत नाही. दाव्यात भाडेकरारातील मालकाचेही नाव घालावे, कारण कंपनी अनेकदा केवळ त्याची प्रतिनिधी असते.