इयन होम रंगभूमी सोडून सिनेमात गेले, हे अर्धंच खरं आहे

प्रश्न थोडक्यात असा: 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधला म्हातारा बिल्बो करणारे इयन होम यांना ऐन भरात रंगमंचाची भीती बसली आणि ते नाटक सोडून सिनेमात गेले, असं वाचलं. मग त्यांना मोठे नाट्य-अभिनेते का म्हणतात? आणि त्यांचं काय बघावं?

या प्रश्नाला उत्तर देताना एकदोघांनी 'घाबरले, पळाले, सिनेमानं तारलं' असा निकाल लावून टाकलाय. गोष्ट म्हणून झकास आहे, पण तारखा जुळत नाहीत. होम यांना 'द बोफोर्स गन' या सिनेमासाठी बाफ्टा हे ब्रिटिश सिनेमाचं मोठं पारितोषिक मिळालं ते १९६८ सालच्या कामासाठी. भीतीचा तो प्रसंग १९७६ चा. म्हणजे सिनेमा आधीपासून होताच. आणि ज्या भूमिकेवर ब्रिटिश नटाची उंची मोजतात तो शेक्सपिअरचा राजा लिअर त्यांनी केला १९९७ मध्ये, भीतीनंतर २१ वर्षांनी. पळून गेलेल्या माणसाचा हा आलेख नाही.

आता जरा मागून येतो.

जन्म १२ सप्टेंबर १९३१, एसेक्समधल्या गुडमेजचा. वडील स्कॉटिश, मनोरुग्णांचे डॉक्टर आणि तिथल्या मनोरुग्णालयाचे प्रमुख. घर रुग्णालयाच्या आवारातच. विजेचे झटके देण्याची उपचारपद्धत ब्रिटनमध्ये सुरुवातीला वापरणाऱ्यांत त्यांच्या वडिलांचं नाव घेतलं जातं. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. मग राडा ही लंडनची नाट्यशाळा, मध्येच सक्तीची लष्करी सेवा, आणि १९५४ मध्ये स्ट्रॅटफर्डला भालदार-चोपदाराच्या भूमिका. शेक्सपिअरच्या गावात वर्षानुवर्षं राजांच्या मागे भाला धरून उभं राहायचं आणि पुढच्यांचं बघून शिकायचं. पुढचे म्हणजे कोण? लॉरेन्स ऑलिव्हिए, चार्ल्स लॉटन. १९५९ मध्ये लॉटन यांनी लिअर केला तेव्हा त्यांचा विदूषक होते होम.

दिग्दर्शक पीटर हॉल यांनी रॉयल शेक्सपिअर कंपनी ही नाट्यसंस्था उभी केली तेव्हा होम पहिल्या फळीत होते. बुटके, बांधेसूद, आवाज मोठा न करताही शेवटच्या रांगेपर्यंत पोचवणारे. शेक्सपिअरच्या पक, एरिअल अशा चपळ भूमिकांमधून ते थेट 'वॉर्स ऑफ द रोझेस' या इतिहासनाट्यांच्या मालिकेत तिसरा रिचर्ड झाले. पाठोपाठ पाचवा हेन्री. त्याच्यासाठी १९६५ चं ईव्हिनिंग स्टँडर्ड या लंडनच्या दैनिकाचं पारितोषिक.

पण मला विचाराल तर खरा होम घडला तो शेक्सपिअरमध्ये नाही, नाटककार हॅरॉल्ड पिंटरच्या 'द होमकमिंग'मध्ये. जून १९६५, लंडनचं ऑल्डविच थिएटर, दिग्दर्शक पीटर हॉल. होम यांचा लेनी. उत्तर लंडनमधलं बायकांविना चालणारं एक घर, त्यातला हा मधला मुलगा. गोड बोलतो, आणि त्याचं गोड बोलणं ऐकून अंगावर काटा येतो. थोरल्या भावाची बायको रूथ रात्री घरात एकटी भेटते तेव्हा तिच्या हातातल्या पाण्याच्या पेल्यावरून दोघांत जे चालतं ते बघाच. लेनी पेला मागतो. ती देत नाही. काढून घेईन म्हणतो, तर ती उलट त्यालाच धमकावते आणि तेही अगदी सहज. होम यांच्या चेहऱ्यावर त्या क्षणी काहीच हलत नाही, फक्त डोळे हिशेब बदलतात. आत बरंच काही चाललंय आणि ते मी तुम्हाला सांगणार नाही, ही त्यांची पुढच्या सगळ्या आयुष्याची रीत इथं पक्की झाली. याच भूमिकेसाठी १९६७ मध्ये न्यूयॉर्कला टोनी हे अमेरिकन रंगभूमीचं पारितोषिक मिळालं. १९७३ मध्ये हॉल यांनीच त्यावर सिनेमा केला, त्यात होम आणि रूथ करणाऱ्या व्हिव्हिअन मर्चंट दोघंही आहेत. म्हणून ही नाटकातली भूमिका आपल्यालाही बघता येते, हे आपलं नशीब. नाही तर त्या काळातल्या बहुतेक मोठ्या कामांच्या नुसत्या आख्यायिका ऐकायच्या.

आता १९७६. अमेरिकन नाटककार युजीन ओनीलचं 'द आइसमन कमेथ', पुन्हा ऑल्डविच, दिग्दर्शक हॉवर्ड डेव्हिस. होम यांच्याकडे हिकी. ज्यांना हे नाटक ठाऊक नाही त्यांच्यासाठी: चार-साडेचार तासांचा पसारा, दारूच्या गुत्त्यात बसलेली हरलेली माणसं आणि त्यांना 'स्वप्नं सोडा' म्हणून सांगत फिरणारा हिकी. शेवटच्या अंकात त्याचं स्वगतवजा भाषण आहे, पानंच्या पानं. पाठांतर कितीही चोख असलं तरी नटाला आधार मिळावा असं त्यात फारसं काही नाही. समोरच्याचं वाक्य नाही, हालचाल नाही.

प्रिव्ह्यूच्या, म्हणजे अधिकृत शुभारंभाआधीच्या प्रयोगांच्या दिवसांत होम ब्लँक झाले. ब्लँक होणं नाटकवाल्यांना नवं नाही. विंगेतून कुणी तरी शब्द टाकतं, गाडी पुढे जाते. इथे गाडी गेली नाही. एकदा एकाग्रता तुटली की डोक्यात तुरुंगाची दारं एकामागून एक आपटत बंद व्हावीत तसं होतं, अशा अर्थाचं त्यांनी पुढे सांगितलंय. ते रंगमंचावरून निघून गेले आणि ड्रेसिंग रूममध्ये अंग मुडपून पडलेले सापडले. नाटक सुटलं. १९७९ मध्ये हॅम्पस्टेडला 'अंकल वान्या' केलं, तेवढं सोडलं तर पुढची बरीच वर्षं नाटक नाही.

याला भित्रेपणा म्हणणाऱ्यांनी थोडी यादी बघावी. खुद्द ऑलिव्हिए साठच्या दशकात, नॅशनल थिएटरचे प्रमुख असताना, काही वर्षं याच भीतीत होते. ऑथेल्लो करताना सहनट फ्रँक फिनले यांना 'मला दिसेल असा विंगेत उभा राहा' म्हणून सांगायचे. डेरेक जॅकोबी दोनेक वर्षं रंगमंचापासून लांब राहिले. डॅनिअल डे-लुईस १९८९ मध्ये 'हॅम्लेट'चा प्रयोग अर्ध्यात सोडून गेले ते परत रंगमंचावर आलेच नाहीत. नवख्याची भीती आणि ही भीती वेगळी. ही पंचवीस वर्षं काम केलेल्याला गाठते, कारण काय काय बिघडू शकतं हे त्यालाच नेमकं माहीत असतं.

तर सिनेमा. १९७९ चा 'एलियन'. होम यांचा ॲश हा अंतराळयानावरचा विज्ञान अधिकारी. नीटस, नम्र, नियमावर बोट ठेवणारा. तो यंत्रमानव आहे हे उघड होतं तेव्हा रक्ताऐवजी पांढरा द्रव उडतो (चित्रीकरणात दूध, पास्ता, काचेच्या गोट्या, असलं काय काय वापरलं होतं) आणि तुटलेलं डोकं टेबलावरून बोलू लागतं. लोकांच्या लक्षात तेच राहतं. तुम्ही दुसऱ्यांदा बघताना आधीचा अर्धा भाग बघा. बाकीचे सगळे घाबरलेले, चिडलेले, आणि हा प्रत्येक वेळी अर्धा क्षण उशिरा बघतो, उशिरा हसतो. सापळा आधीच लावून ठेवलाय, आपल्याला कळलेला नसतो. हा लेनीच आहे, फक्त गणवेश घातलेला.

मग १९८१ चा 'चॅरियट्स ऑफ फायर' आणि सॅम मुसाबिनी हा धावपटूंचा प्रशिक्षक. पैसे घेऊन शिकवणारा म्हणून केंब्रिजच्या साहेबलोकांना खुपणारा. १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकच्या मैदानात त्याला जागा नाही, त्यामुळे त्याचा शिष्य हॅरॉल्ड अब्राहम्स शंभर मीटर धावतो तेव्हा तो हॉटेलच्या खोलीत बसलेला. शर्यत त्याला दिसत नाही. राष्ट्रगीत ऐकू येतं, खिडकीतून ब्रिटनचा झेंडा चढताना दिसतो. होम पलंगावर बसतात आणि गवती हॅटमधून मूठ आरपार मारतात. बस. त्या सिनेमातलं संगीत जगभर वाजलं, संथ गतीतलं धावणं हजार जणांनी उचललं, पण माझ्या मते अख्ख्या सिनेमातला सर्वांत खरा क्षण त्या बंद खोलीत आहे. बाफ्टा मिळालं, कान महोत्सवात पारितोषिक मिळालं, ऑस्करचं नामांकन झालं. ऑस्कर नेलं जॉन गिलगुड यांनी, 'आर्थर'मधल्या बटलरसाठी. इंग्रजी रंगभूमीवरचा त्या पिढीचा सर्वांत मोठा आवाज बटलर होऊन बक्षीस नेतो यात एक गंमत आहेच, तक्रार नाही.

मधल्या कामांवरून भरभर जातो. टेरी गिलियमच्या 'टाइम बँडिट्स'मध्ये आपल्या उंचीचा गंड असलेला नेपोलियन, त्याच दिग्दर्शकाच्या 'ब्राझील'मध्ये घाबरट साहेब, 'ड्रीमचाइल्ड'मध्ये लुईस कॅरॉल. नेपोलियन त्यांनी एकूण तीनदा केला. लहान मुलं घरात असतील तर बीबीसीची 'द बॉरोअर्स' ही मालिका, त्यात त्यांच्याबरोबर तेव्हाच्या पत्नी पेनेलोपी विल्टन आहेत.

थांबायचं ते 'द मॅडनेस ऑफ किंग जॉर्ज'वर, १९९४. वेडाच्या झटक्यात गेलेल्या राजाला ताळ्यावर आणणारे डॉक्टर विलिस. राजाला खुर्चीला बांधतात आणि नजर हलवत नाहीत. मनोरुग्णालयाच्या आवारात वाढलेल्या मुलानं हे करावं! त्या कामात दुष्टपणा शोधूनही सापडत नाही, हा माणूस मनापासून उपचार करतोय असंच वाटतं आणि म्हणून जास्त भीती वाटते. शेवटाकडे राजाला वाचायला 'किंग लिअर' दिलेलं असतं. वेड्या राजाला वेड्या राजाचं नाटक? विलिस सांगतात, त्यात काय आहे मला ठाऊकच नव्हतं. तीन वर्षांनी होम यांनी काय केलं हे माहीत असलं की या वाक्याला दुप्पट हसू येतं.

कारण १९९३ मध्ये ते परतले होते. पुन्हा पिंटरच: नवं नाटक 'मूनलाइट', अल्मेडा हे लंडनमधलं छोटं थिएटर. भूमिका अँडी, मरणाला टेकलेला, बायकोला आणि जगाला शिव्या घालणारा माणूस. तो नाटकातला बहुतेक वेळ अंथरुणात असतो. ही योजना कुणी भीतीचा विचार करून केली असं मी म्हणत नाही, पण रंगमंचावर पाय लटपटण्याची धास्ती असलेल्या नटाला परतायला याहून बरी जागा मिळाली नसती. ईव्हिनिंग स्टँडर्डचं पारितोषिक पुन्हा त्यांना. पिंटर त्यांच्याबद्दल म्हणायचे की हा माझ्या बुटात पाय घालतो आणि बूट बरोबर बसतो.

मग १९९७, नॅशनलमधलं सर्वांत लहान प्रेक्षागृह कॉटस्लो, दिग्दर्शक रिचर्ड आयर, आणि ६५ वर्षांचे होम लिअर. इतकी वर्षं ज्यानं ओठ मिटून अभिनय केला तो इथे सगळं उधळून देतो. वादळाच्या प्रवेशात अक्षरशः अंगावरचे सगळे कपडे उतरवतो. शरीर छोटं, म्हातारं, ओलं. राजा कुठेच उरत नाही. विदूषक केला होता मायकेल ब्रायंट यांनी, म्हातारा विदूषक, राजाच्याच वयाचा. जिथे विदूषक पोरसवदा असतो तिथे राजा त्याला सांभाळतोय असं वाटतं. इथे दोन म्हातारे एकमेकांना धरून पावसात उभे. या भूमिकेसाठी लंडनच्या रंगभूमीचं ऑलिव्हिए पारितोषिक मिळालं, १९९८ मध्ये 'सर' झाले. २००१ मध्ये 'द होमकमिंग'मध्येच परत, या वेळी लेनीचा बाप मॅक्स म्हणून. तेव्हा 'सिनेमात गेले' असं म्हणताना हेही जोडा की नाटक त्यांनी सोडलं तसं पुन्हा धरलंही, आणि धरलं ते छोट्या जागांतून, ओळखीच्या लेखकाच्या हातानं.

आणि बिल्बो? १९८१ मध्ये बीबीसी रेडिओनं 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' २६ भागांत केलं तेव्हा बिल्बोच्या पुतण्याचा, म्हणजे नायक फ्रोडोचा आवाज होम यांचाच होता. वीस वर्षांनी पडद्यावर ते काका बिल्बो झाले. रिव्हेंडेल या एल्फ लोकांच्या ठिकाणी पुतण्याच्या गळ्यातली अंगठी दिसते आणि क्षणभर चेहरा राक्षसी होतो, त्यात तंत्राचा हात आहे. पण लगेच नंतरची शरम, आपण काय केलं हे कळल्यावरचं ते खचणं, ते तंत्राचं नाही. 'द हॉबिट'च्या वेळी पार्किन्सन्समुळे त्यांना न्यूझीलंडला जाणं झेपणारं नव्हतं, त्यांचा भाग लंडनमध्येच चित्रित केला. १९ जून २०२० ला ते गेले, ८८ व्या वर्षी.

काय बघावं, तर सुरुवात 'द होमकमिंग'च्या १९७३ च्या सिनेमानं करू नका, पिंटरची सवय नसेल तर वैतागाल. आधी 'चॅरियट्स', मग 'एलियन' दुसऱ्यांदा, मग ॲटम इगोयानचा 'द स्वीट हिअरआफ्टर' (१९९७). शाळेच्या बसच्या अपघातात मुलं गमावलेल्या गावात खटल्यासाठी अशील गोळा करणारा वकील, ज्याची स्वतःची मुलगी अमली पदार्थांत हरवलीय. सिनेमात त्यांना मुख्य भूमिका फार कमी मिळाल्या, त्यातली ही सर्वांत मोठी. विमानात शेजारच्या मुलीला तो सांगतो, माझी पोर तान्ही असताना तिला कोळी चावले, गळा सुजला, गाडीतून दवाखान्यात नेताना श्वास अडकलाच तर गळ्याला छेद द्यायचा म्हणून चाकू हातात तयार ठेवून मी तिला गाणं म्हणत होतो. होम हे एकाच पट्टीत सांगतात. आवाज कुठेही चढत नाही.

त्यानंतर 'होमकमिंग' आणि बीबीसीनं १९९८ मध्ये केलेलं 'किंग लिअर'. दिग्दर्शक आयरच, नाटकातले बरेच नटही तेच. सबटायटल्स लावून बघा, शेक्सपिअरची इंग्रजी आहे आणि होम जोरात बोलत नाहीत.