नृत्य शिकलेलो नाही. नागपुरात राहून शरीराच्या हालचालींवर आधारित परफॉर्मन्स आर्ट करता येईल का? रोजचा सराव काय असतो?

येईल. मी इथेच करते. पण सादरीकरण तूर्तास बाजूला ठेवा आणि आधी उभं राहायला शिका.

हे शब्दशः घ्या. १९७२ मध्ये कॉन्टॅक्ट इम्प्रोव्हायझेशन (एकमेकांच्या स्पर्शातून आणि वजनातून उत्स्फूर्तपणे घडणारं नृत्य) सुरू करणारे अमेरिकन नर्तक स्टीव्ह पॅक्स्टन यांच्या सरावात ‘स्मॉल डान्स’ असायचा. गुडघे सैल सोडून नुसतं उभं राहायचं. थोड्याच वेळात जाणवतं की शरीर स्थिर नसतंच. तोल पुढे गेला की पोटऱ्या आवळतात, मागे गेला की नडगीजवळचा स्नायू ताणतो, श्वासासोबत बरगड्या हलतात. हे आपण करत नाही, आपोआप होतं. ते थांबवायचं नाही, सुंदरही करायचं नाही. फक्त लक्ष ठेवायचं.

मग चालणं, गच्चीच्या एका कठड्यापासून दुसऱ्यापर्यंत, जमेल तितकं हळू. टाच टेकते, वजन तळव्यावरून पुढे सरकतं, मागची टाच सुटते. मधे एक क्षण असा येतो की वजन धड या पायावर नसतं, धड त्या पायावर नसतं. तिथे तोल जातो म्हणून बहुतेक जण पाऊल पटकन टाकून मोकळे होतात. ती घाई पकडा. माझ्या मते खरं काम तिथेच आहे.

मे महिन्यात गच्चीवर पहाटेच जा. दुपारी कूलर लावून फरशीवर पडल्या पडल्या श्वासाचा सराव करा. उन्हात अंग भाजून घेणं म्हणजे साधना नव्हे, त्यानं उष्माघात होतो.

नृत्य येत नाही याची चिंता नको, पण अंगात एखादी शिस्त हवी. आपल्या महाराष्ट्रातल्या वाडा या गावी जन्मलेल्या नृत्यदिग्दर्शिका चंद्रलेखा भरतनाट्यम शिकलेल्या होत्या, तरी १९८५ च्या ‘अंगिका’ या नृत्यरचनेत त्यांनी योग आणि कलरीपयट्टू ही केरळची युद्धकला जोडीला आणली. तुमच्याकडे मल्लखांब असेल, कुस्ती असेल, नाहीतर शेतातलं निंदण, कापूस वेचणं. जे अंगात मुरलंय तिथून सुरुवात करा. मात्र दुसऱ्याच्या कष्टाची नक्कल करून टाळ्या घेऊ नका, ते मला फार खटकतं.

आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, नागपुरात मारबतीची, म्हणजे वाईटाचं प्रतीक असलेल्या पुतळ्याची मिरवणूक निघते, तिला जाच. मोबाईल खिशात ठेवा. ‘इडा पीडा घेऊन जा गे मारबत’ असा गजर होतो तेव्हा गर्दीचा रेटा आपल्या खांद्यांतून, कमरेतून कसा जातो ते अनुभवा. एवढी माणसं एकत्र येऊन अंगानं काहीतरी हाकलून देतात, याहून मोठी कार्यशाळा मला माहीत नाही.

पहिला प्रयोग घरीच, चार ओळखीच्या माणसांपुढे करा. बागेत किंवा चौकात करायचा तर आधी परवानगी घ्या. प्रयोगानंतर ‘आवडलं का?’ असं विचारू नका. बघताना तुमचं स्वतःचं अंग कुठे आवळलं, श्वास कुठे अडकला, हे विचारा आणि उत्तरं त्याच दिवशी वहीत लिहून ठेवा. पुढचा सराव त्यातूनच ठरवता येतो.