संत्र्याच्या पानावर चांदीची रेघ दिसली म्हणून पंप उचलू नका

प्रश्न (वरुड तालुका): संत्र्याची बाग ३ वर्षांची, ४०० झाडं. मृगाच्या पावसावर नवती (नवी कोवळी पालवी) आली, त्या पानांवर चांदीसारख्या नागमोडी रेघा आहेत आणि पानं गुंडाळली आहेत. कृषी केंद्रवाले म्हणतात, प्रोफेनोफॉस-सायपरमेथ्रीन या कीटकनाशकांचं मिश्रण घ्या, सोबत टॉनिक, आठ-आठ दिवसांनी तीनदा मारा. मारू का?

उत्तर: नका मारू. ही पाने पोखरणारी अळी, म्हणजे नागअळी. पतंग चांदीच्या रंगाचा, जेमतेम २ मिलिमीटरचा. दिसतच नाही, म्हणून मालक रेघ दिसेपर्यंत गाफील राहतो. मादी फक्त कोवळ्या पानावर अंडी घालते. अळी पानाच्या सालीखाली शिरून रेघ ओढत जाते आणि शेवटी पानाची कड दुमडून आत कोष करते.

आता तुमच्या झाडावरची चार गुंडाळलेली पानं उन्हात धरून बघा. रेघेच्या टोकाला पिवळसर अळी दिसते का? बहुतेक पानांत नसेल. घर रिकामं, भाडेकरू कधीचा गेला, आणि तुम्ही दारावर औषध ओतणार! रेघ औषधाने पुसली जात नाही. ती पान गळेपर्यंत राहते. म्हणूनच दुसऱ्या फवारणीनंतर "अजून आहे, तिसरी घ्या" असं दुकानदाराला सांगता येतं. प्रत्येक हंगामात हाच खेळ बघतो.

फवारणीची वेळ एकच: नवती बोटाच्या पेरापेक्षा मोठी व्हायच्या आत. पानं निबर झाली की ही अळी त्यांना हात लावत नाही. नवतीच्या सुरुवातीला ५ टक्के निंबोळी अर्क आणि आठ-दहा दिवसांनी पुन्हा तोच, संध्याकाळी, कारण उन्हात त्याचा जोर जातो. ५ किलो वाळलेल्या निंबोळ्या कुटून रात्रभर पाण्यात भिजवा, गाळा, २०० ग्रॅम साबण घाला, १०० लिटर करा. बांधावर कडुनिंब असून अर्क विकत आणणाऱ्यांना मी काय बोलू?

बहुतेक कोवळ्या पानांत जिवंत अळ्या सापडल्या तरच इमिडाक्लोप्रिड १७.८ टक्के, १० लिटर पाण्याला ५ मिली. एकदाच. १५ लिटरच्या पंपाला साडेसात मिली होतात, झाकण भरून नाही. 'थोडं जास्त टाकलं तर लवकर मरेल' हे डोक्यातून काढा. झाडं फुलावर असताना तर मुळीच नको, मधमाश्या मरतील.

आणि ते सायपरमेथ्रीन? अळी पानाच्या आत सुरक्षित राहते, बाहेर मरतात कोळ्याची पिल्लं (जाळं विणणारे आठपायी, ते आपले मित्र), क्रायसोपा (किडी खाणारा मित्रकीटक) आणि अळीवर जगणाऱ्या गांधीलमाश्या. मग लाल कोळी (रस शोषणारी बारीक कीड, जाळं विणणारा मित्र नव्हे) माजतो, फळांवर लाल्या येतो, म्हणजे साल तांबूस होते, आणि लाल्याचं औषध पुन्हा त्याच दुकानात.

त्यापेक्षा पाणसोट (फळ न देणारे जोमदार सरळ फुटवे) काढा. हे मी दर बैठकीत सांगतो आणि दर बैठकीत लोक मान डोलावून विसरतात. कलमाच्या खाली जंबेरीचे (ज्या लिंबाच्या खुंटावर कलम बांधतात त्याचे) फुटवे आणि आतले सोट वर्षभर कोवळे असतात. अळीला पुढच्या नवतीपर्यंत तेच पोसतात. युरिया एकदम ओतलात तर नवती टप्प्याटप्प्याने, सतत फुटते, आणि अळीचं जेवण चालू राहतं. रेघा पडलेली पानं मात्र ओरबाडू नका. उरलेला हिरवा भाग झाडाला खाऊ घालतोच.

प्रश्न: कागदी लिंबाला अळी आणि खैऱ्या (खडबडीत डाग पाडणारा जिवाणूंचा रोग) दोन्ही आहेत. एकत्र फवारू का?

उत्तर: दोन्हींचं नातं आहे. अळीने फाडलेल्या पानातून खैऱ्याचे जिवाणू आत शिरतात, म्हणून लिंबात आणि रोपवाटिकेत मी अळी अजिबात सोडत नाही. रोपांवरची पोखरलेली पानं तोडून नष्ट करा. खैऱ्याला १ टक्का बोर्डो (मोरचूद-चुन्याचं मिश्रण), पण त्यात कीटकनाशक मिसळू नका. झाडं ओली असताना छाटणी करू नका, कात्रीने रोग बागभर फिरतो.

प्रश्न: १५ वर्षांच्या झाडांवर रेघा आहेत.

उत्तर: सोडून द्या. मोठं झाड एवढं सहज सोसतं.

प्रश्न: फळपीक विम्यातून भरपाई मिळेल?

उत्तर: नाही. तो विमा तापमान-पावसाच्या आकड्यांवर चालतो, अळीवर नाही. भाऊसाहेब फुंडकर फळबाग योजनेतून लागवड केली असेल तर अनुदान तीन वर्षांत ५०, ३०, २० टक्के असं मिळतं आणि पुढचे हप्ते झाडं जगण्यावर आहेत, म्हणून लहान कलमं जपा. अर्ज महाडीबीटी या सरकारी संकेतस्थळावर.

प्रश्न: त्या मिश्रणाच्या दोन बाटल्या आधीच आणल्या आहेत. वाया घालवू?

उत्तर: सील असेल आणि पक्कं बिल असेल तर परत करा. बिल नसेल तर कुलपात ठेवा, पण 'आणलंय तर मारून टाकू' नको. आणि या आठवड्यात निंबोळ्या वेचायला लागा, पाऊस जोरात लागला की त्यांना बुरशी येते.